अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

शाळेतली प्रश्नमंजूषा असो, स्पर्धा परीक्षेची तयारी असो की व्हॉट्सअॅपवर फिरणारा एखादा लांबलचक निरोप, अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांबद्दलचे काही ठरावीक प्रश्न हमखास समोर येतात. मला या किश्श्यांची मनापासून गोडी आहे. त्यातल्या बऱ्याच किश्श्यांच्या मुळाशी गेलं की राज्यघटनेतली एखादी संदिग्ध जागा सापडते, नाहीतर पुढे झालेला एखादा कायदा. जी गोष्ट निव्वळ ऐकीव आहे आणि खरी नाही, तिथे तसं स्पष्ट लिहिलं आहे.

डोनाल्ड ट्रम्प ४७वे राष्ट्राध्यक्ष. म्हणजे आजवर ४७ माणसं या पदावर आली का?

नाही, ४५ आली. दोघांची मोजणी दोनदा होते. ग्रोव्हर क्लीव्हलँड १८८५ ते १८८९ या काळात २२वे होते, मध्ये हरले आणि पुन्हा निवडून येऊन १८९३ साली २४वे झाले. ट्रम्प यांचंही तसंच, ४५वे आणि ४७वे. प्रश्नमंजूषा तयार करणाऱ्यांना एकच विनंती : ‘किती राष्ट्राध्यक्ष झाले’ असं मोघम विचारू नका. ‘किती व्यक्ती’ असं विचारा, म्हणजे उत्तरावरून वाद होणार नाही.

जास्त मतं मिळूनही उमेदवार हरतो, हे खरं का?

खरं आहे. मतदार थेट राष्ट्राध्यक्ष निवडत नाहीत, राज्यवार ठरणारं इलेक्टोरल कॉलेज, म्हणजे प्रत्येक राज्याच्या वाट्याच्या प्रतिनिधींचं मंडळ, निवडतं. १८२४, १८७६, १८८८, २००० आणि २०१६ या पाच निवडणुकांत देशभरात मागे पडलेला उमेदवार राष्ट्राध्यक्ष झाला. १८८८ साली हरलेले म्हणजे वर आलेले क्लीव्हलँडच. बेंजामिन हॅरिसन यांच्यापेक्षा त्यांना मतं जास्त होती, तरी पद गेलं. चार वर्षांनी त्याच हॅरिसन यांना हरवून ते परतले. १८७६ची लढत त्याहून चुरशीची. रदरफोर्ड हेज या मंडळात १८५ विरुद्ध १८४ अशा एका मताने जिंकले, आणि तेही वादग्रस्त राज्यांची मतं कोणाची हे ठरवायला खास आयोग नेमावा लागल्यावर.

जॉर्ज वॉशिंग्टन यांची कवळी लाकडाची होती ना?

नव्हती. ही समजूत अमेरिकेतही खोलवर रुजलेली आहे. १७८९ साली शपथ घेतली तेव्हा वॉशिंग्टन यांच्या तोंडात स्वतःचा एकच दात उरला होता. त्यांच्या कवळ्या पाणघोड्याचा दात, धातू आणि माणसांचे दात वापरून केलेल्या होत्या. त्यांच्या १७८४ सालच्या हिशेबाच्या वहीत गुलामांकडून नऊ दात विकत घेतल्याची नोंद आहे. ते दात त्यांच्याच कवळीत बसवले गेले का, हे त्या नोंदीवरून सांगता येत नाही. पण लाकडी कवळीच्या गमतीदार गोष्टीपेक्षा ही एका ओळीची नोंद त्या काळाबद्दल कितीतरी जास्त सांगते, म्हणून ती मुलांपासून लपवू नये असं मला वाटतं.

चेरीचं झाड तोडून वडिलांसमोर खरं बोलल्याची गोष्टही अशीच. वॉशिंग्टन १७९९ साली वारले आणि एका चरित्रकाराने १८०६ सालच्या आवृत्तीत ही गोष्ट घातली. त्याआधी ती कुठेच सापडत नाही.

व्हाइट हाउसमध्ये राहणारे पहिले राष्ट्राध्यक्ष कोण?

जॉन अॅडम्स, नोव्हेंबर १८००पासून. वॉशिंग्टन तिथे कधीच राहिले नाहीत, इमारत पुरी होण्याआधीच ते गेले. त्यांचा पहिला शपथविधी तर न्यूयॉर्कला झाला होता.

शाळेच्या भिंतीवर असतं ते लिंकन यांचं मुख्याध्यापकांना पत्र त्यांनी कधी लिहिलं?

महाराष्ट्रातून सर्वांत जास्त येणारा प्रश्न हाच असावा. कितीतरी शाळांच्या व्हरांड्यात, मुख्याध्यापकांच्या खोलीत, स्नेहसंमेलनाच्या पत्रिकेवर हे पत्र आपण वाचत आलो. त्याचं मराठी रूप इतकं सुंदर आहे की ते खरं नाही म्हटल्यावर वाईट वाटतं. पण लिंकन यांची भाषणं, पत्रं, चिठ्ठ्या, अगदी दोन ओळींचे आदेशसुद्धा अभ्यासकांनी गोळा करून छापलेत आणि त्या सगळ्या संग्रहात हे पत्र नाही. मजकुरातला विचार मोलाचा आहे, तो भिंतीवर राहू द्यावा. खाली लिंकन यांचं नाव मात्र नको.

त्याऐवजी मुलांना सांगण्यासारखा एक खरा पत्रव्यवहार आहे. ऑक्टोबर १८६०मध्ये, निवडणूक ऐन रंगात असताना, न्यूयॉर्क राज्यातल्या वेस्टफील्ड गावच्या ग्रेस बेडेल या अकरा वर्षांच्या मुलीने लिंकन यांना पत्र पाठवलं. तुमचा चेहरा फार बारीक आहे, दाढी वाढवलीत तर बरे दिसाल. बायकांना दाढी आवडते, त्या आपापल्या नवऱ्यांच्या मागे लागून तुम्हाला मत द्यायला लावतील, असा तिचा सल्ला. लिंकन यांनी चारच दिवसांत उत्तर दिलं. मला मुली नाहीत, तीन मुलगे आहेत, त्यांची वयं सतरा, नऊ आणि सात, असं घरचं सांगून त्यांनी विचारलं, की आजवर कधी दाढी ठेवली नाही, आता एकदम ठेवली तर लोकांना ते सोंग नाही का वाटणार? दाढी त्यांनी ठेवली. फेब्रुवारी १८६१मध्ये वॉशिंग्टनला निघालेली त्यांची गाडी वेस्टफील्डला थांबली, तेव्हा गर्दीतून त्या मुलीला पुढे बोलावून त्यांनी ती दाखवलीसुद्धा. ही पत्रं आजही जपलेली आहेत.

लिंकन आणि केनेडी यांच्या योगायोगांची यादी कितपत खरी?

अर्धीमुर्धी. खरं ते आधी पाहू. लिंकन १८६० साली निवडून आले, केनेडी १९६० साली. दोघांवरही शुक्रवारी, पत्नी शेजारी असताना, डोक्यात गोळी झाडली गेली. दोघांच्या जागी आलेल्यांचं आडनाव जॉन्सन. अँड्र्यू यांचा जन्म १८०८चा, लिंडन यांचा १९०८चा. लिंकन फोर्ड नावाच्या नाट्यगृहात होते, केनेडी फोर्ड कंपनीच्या लिंकन मोटारीत. केनेडी यांच्या सचिव एव्हलिन लिंकन हेही खरं.

आता खोटं. लिंकन यांचा केनेडी नावाचा सचिव नव्हता. त्यांचे सचिव होते जॉन निकोले आणि जॉन हे. मारेकरी बूथ आणि ऑस्वाल्ड शंभर वर्षांच्या अंतराने जन्मले, ही जोडीही जमत नाही. ऑस्वाल्डचा जन्म १९३९चा असला तरी बूथचा १८३८चा आहे. कोणत्याही दोन मोठ्या माणसांची आयुष्यं शेजारी मांडून जुळतील तेवढ्याच गोष्टी वेचल्या, तर अशी यादी होतेच.

सर्वांत कमी काळ पदावर कोण होतं?

विल्यम हेन्री हॅरिसन, जेमतेम एक महिना. ४ मार्च १८४१ला शपथ, ४ एप्रिलला मृत्यू. थंडीत ओव्हरकोट न घालता त्यांनी जवळजवळ दोन तास, ८,४०० हून जास्त शब्दांचं भाषण केलं. इतकं लांब शपथविधीचं भाषण पुन्हा कोणी केलं नाही. त्या थंडीनेच न्यूमोनिया झाला असं पुस्तकांत लिहितात. पण ते आजारी पडले तीन आठवड्यांनी. तेव्हा व्हाइट हाउसच्या पाण्याच्या झऱ्याजवळ शहराची घाण टाकली जाई, त्यामुळे दूषित पाण्याने आतड्याचा ताप आला असावा, असं अलीकडच्या डॉक्टरांचं मत आहे आणि ते जास्त पटतं.

मला या प्रसंगातला पुढचा भाग जास्त महत्त्वाचा वाटतो. राष्ट्राध्यक्ष पदावर असताना वारण्याची ही पहिलीच वेळ. अशा वेळी उपराष्ट्राध्यक्षाकडे नक्की काय येतं, नुसता कारभार की पदसुद्धा, हे घटनेत धड लिहिलेलं नव्हतं. जॉन टायलर यांनी सरळ शपथ घेतली आणि आपण पूर्ण राष्ट्राध्यक्ष असल्याचं ठामपणे सांगितलं. ‘प्रभारी राष्ट्राध्यक्ष’ असा पत्ता घालून आलेली पत्रं ते न उघडता परत पाठवत. त्यांनी पाडलेला पायंडा सगळे पाळत आले, पण तो घटनेत लिहिला गेला १९६७ साली, २५व्या दुरुस्तीने. टायलर १७९० साली जन्मले, त्यांना पंधरा मुलं झाली, आणि त्यांचा एक सख्खा नातू २०२५ सालापर्यंत हयात होता.

पदावर असताना किती जणांची हत्या झाली?

चौघांची : लिंकन (१८६५), गारफिल्ड (१८८१), मॅकिन्ली (१९०१) आणि केनेडी (१९६३). आणखी चौघं पदावर असताना आजाराने गेले. या चार हत्यांत जेम्स गारफिल्ड यांची हकीकत सर्वांत कमी ठाऊक असते, म्हणून ती सविस्तर सांगतो.

गारफिल्ड लाकडी झोपडीत जन्मले, दीड वर्षांचे असताना वडील गेले, पोरवयात कालव्याकाठी नावा ओढणारी खेचरं हाकली, पुढे कॉलेजचे प्रमुख झाले आणि यादवी युद्धात सेनाधिकारी. खासदार असताना त्यांनी पायथागोरसच्या प्रमेयाची एक नवी सिद्धता शोधली. ती १८७६ साली छापून आली. समलंब चौकोनाचं क्षेत्रफळ दोन रीतींनी काढायचं आणि दोन्ही उत्तरं समान मांडायची, इतकी ती सोपी आहे. नववीचा विद्यार्थी पाच मिनिटांत करून पाहू शकतो.

२ जुलै १८८१ला ते वॉशिंग्टनच्या रेल्वे स्टेशनवर होते. चार्ल्स गिटो नावाच्या इसमाने मागून दोन गोळ्या झाडल्या. निवडणुकीत आपण मदत केली, त्या बदल्यात पॅरिसमधली सरकारी नेमणूक आपला हक्कच आहे, असं त्याच्या डोक्यात बसलं होतं. एक गोळी दंडाला चाटून गेली, दुसरी पाठीत शिरून स्वादुपिंडामागे रुतली. मज्जारज्जूला धक्का लागला नव्हता. अशी गोळी अंगात ठेवून यादवी युद्धातले अनेक शिपाई पुढे वर्षानुवर्षं जगले होते.

घात केला उपचारांनी. स्टेशनच्या फरशीवरच डॉक्टरांनी न धुतलेली बोटं आणि हत्यारं जखमेत घालून गोळी शोधायला सुरुवात केली. जोसेफ लिस्टर यांची जंतुनाशक पद्धत युरोपात रुळली होती, पण गारफिल्ड यांच्या बिछान्याशी असलेल्या मंडळींचा तिच्यावर विश्वास नव्हता. टेलिफोनचे जनक ग्रॅहम बेल यांनी अंगातला धातू हुडकणारं यंत्र बनवून आणलं. मुख्य डॉक्टर ब्लिस यांनी त्यांना फक्त उजवी बाजू तपासू दिली, कारण गोळी उजवीकडेच आहे असा त्यांचा ग्रह होता. ती होती डावीकडे. त्यात गादीतल्या लोखंडी स्प्रिंगांनी यंत्राचा गोंधळ केला तो वेगळाच. सप्टेंबरमध्ये गारफिल्ड यांना न्यू जर्सीच्या समुद्रकाठी एल्बेरॉनला हलवलं. आगगाडी थेट बंगल्याच्या दारापर्यंत जावी म्हणून लोकांनी रातोरात रूळ टाकले आणि शेवटच्या चढावर डबे हातांनी ढकलले. १९ सप्टेंबरला, ७९व्या दिवशी, जंतुसंसर्गाने त्यांचा मृत्यू झाला.

त्यांच्या जागी आलेले चेस्टर आर्थर हे स्वतः वशिल्याने नेमणुका वाटणाऱ्या न्यूयॉर्कच्या राजकारणातून वर आलेले. त्यांच्याकडून कोणाचीच अपेक्षा नव्हती. त्याच आर्थर यांनी जानेवारी १८८३मध्ये पेंडल्टन कायद्यावर सही केली आणि केंद्र सरकारच्या नोकऱ्या परीक्षा घेऊन, गुणवत्तेवर भरायला सुरुवात झाली. स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणाऱ्या मुलांनी गारफिल्ड यांचं नाव लक्षात ठेवावं, ते यासाठी.

गोळी लागूनही भाषण करणारे राष्ट्राध्यक्ष कोण?

थिओडोर रूझवेल्ट. फक्त त्या दिवशी ते माजी होते, पुन्हा उभे राहिले होते. १४ ऑक्टोबर १९१२, मिलवॉकी शहर. गोळी छातीवर बसली, पण खिशात घडी केलेलं पन्नास पानी भाषण आणि चष्म्याची पोलादी डबी होती, तिथेच तिचा जोर ओसरला. रूझवेल्ट यांनी हातावर खोकून पाहिलं, थुंकीत रक्त नव्हतं, म्हणजे फुफ्फुस शाबूत. मग सुमारे दीड तास बोलून ते इस्पितळात गेले. गोळी मरेपर्यंत छातीतच राहिली. निवडणूक मात्र हरले.

शपथ सरन्यायाधीशांनीच द्यावी लागते का?

घटनेत ३५ शब्दांची शपथ दिली आहे, ती कोणी द्यायची हे लिहिलेलं नाही. यावरून एक फार सुंदर प्रसंग घडला. ऑगस्ट १९२३मध्ये उपराष्ट्राध्यक्ष कॅल्विन कूलिज सुटीसाठी व्हरमाँटमधल्या प्लिमथ नॉच या खेड्यात वडिलांकडे आले होते. घरात ना टेलिफोन, ना वीज. राष्ट्राध्यक्ष वॉरन हार्डिंग सॅन फ्रान्सिस्कोत वारल्याची तार घेऊन मध्यरात्री माणसं आली. म्हातारे जॉन कूलिज जिना चढून मुलाला उठवायला गेले. ते स्वतः नोटरी होते. पहाटे २ वाजून ४७ मिनिटांनी, बैठकीच्या खोलीत, रॉकेलच्या दिव्याच्या उजेडात बापाने लेकाला देशाच्या सर्वोच्च पदाची शपथ दिली. मग नवे राष्ट्राध्यक्ष परत झोपायला गेले. राज्याच्या नोटरीला केंद्राची शपथ देता येते का, अशी शंका पुढे निघाली, म्हणून त्यांनी वॉशिंग्टनमध्ये एका न्यायाधीशासमोर ती गुपचूप पुन्हा घेतली.

बराक ओबामा यांनाही २००९ साली ती दुसऱ्यांदा घ्यावी लागली. सरन्यायाधीश रॉबर्ट्स यांच्याकडून एक शब्द इकडचा तिकडे झाला होता. नको ती शंका म्हणून दुसऱ्या दिवशी व्हाइट हाउसमध्ये पुन्हा शपथ झाली. आणि १९६३ साली डॅलसच्या विमानतळावर, विमानातच लिंडन जॉन्सन यांना शपथ दिली न्यायाधीश सेरा ह्यूज यांनी. हा मान मिळालेली ती पहिली स्त्री.

अजिबात शाळेत न गेलेले राष्ट्राध्यक्ष झाले आहेत का?

अँड्र्यू जॉन्सन. गरिबीमुळे लहानपणीच त्यांना शिंप्याकडे उमेदवारीला ठेवलं. थोडंफार वाचायला तिथे शिकले, लिहिणं आणि हिशेब पत्नी एलायझा यांनी पक्के करून घेतले. १८६८ साली त्यांच्यावर महाभियोग चालला, सिनेटमध्ये एका मताने वाचले. १८७५ साली त्याच सिनेटचे सभासद म्हणून परत आले. लिंकन यांचीही सगळी शाळा मिळून वर्षभराची भरत नाही. कॉलेजची पदवी नसलेले शेवटचे राष्ट्राध्यक्ष हॅरी ट्रुमन, आणि पीएच.डी. असलेले एकमेव वुड्रो विल्सन.

दोनपेक्षा जास्त वेळा निवडून येता येतं का?

आता नाही. वॉशिंग्टन दोन मुदतींनंतर आपणहून बाजूला झाले आणि तो संकेत दीडशे वर्षं टिकला. युलिसिस ग्रँट यांनी १८८० साली तिसऱ्यांदा प्रयत्न केला, पण पक्षाच्या अधिवेशनात ३६व्या फेरीत उमेदवारी गेली ती वर आलेल्या गारफिल्ड यांच्याकडे. फ्रँकलिन रूझवेल्ट मात्र १९३२, १९३६, १९४० आणि १९४४ असे चारदा जिंकले. त्यानंतर १९५१ साली २२वी घटनादुरुस्ती होऊन दोनची मर्यादा पक्की झाली.

पगार किती? आणि निवृत्तीनंतर?

१७८९ साली वर्षाला २५,००० डॉलर, २००१पासून ४ लाख डॉलर. निवृत्तिवेतन मात्र १९५८पर्यंत नव्हतंच. ट्रुमन १९५३ साली घरी परतले तेव्हा त्यांना सैन्याचं महिना ११२ डॉलर ५६ सेंट एवढंच येत होतं. एका माजी राष्ट्राध्यक्षाची ही ओढाताण पाहून निवृत्तिवेतनाचा कायदा झाला. ग्रँट यांची ओढाताण तर याहून मोठी. १८८४ साली भागीदाराच्या अफरातफरीत ते धुळीला मिळाले, त्याच सुमारास घशाचा कर्करोग निघाला. घरच्यांसाठी काही मागे राहावं म्हणून वेदना सोसत ते आठवणी लिहीत राहिले आणि काम संपल्यावर काही दिवसांतच, २३ जुलै १८८५ला, गेले. मार्क ट्वेन यांच्या प्रकाशनसंस्थेने ते पुस्तक काढलं आणि पत्नी ज्युलिया यांना त्यातून सुमारे साडेचार लाख डॉलर मिळाले. मला या सगळ्या मंडळींत ग्रँट यांच्याबद्दल सर्वांत जास्त आदर वाटतो, आणि तो यादवी युद्धातल्या विजयांपेक्षा या शेवटच्या वर्षासाठी.

झटपट उत्तरं हवी आहेत.

सर्वांत उंच लिंकन, ६ फूट ४ इंच. सर्वांत बुटके जेम्स मॅडिसन, ५ फूट ४ इंच. वयाने सर्वांत लहान थिओडोर रूझवेल्ट, ४२व्या वर्षी, हत्येमुळे पद आलं म्हणून. निवडून आलेल्यांत सर्वांत लहान केनेडी, ४३. जन्मभर अविवाहित एकच, जेम्स ब्युकॅनन. मातृभाषा इंग्रजी नसलेलेही एकच, मार्टिन व्हॅन ब्युरेन. घरी डच बोलत. शंभरी गाठलेले एकच, जिमी कार्टर. एकाच दिवशी गेलेले दोघं, जॉन अॅडम्स आणि थॉमस जेफरसन, ४ जुलै १८२६ला, स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याला बरोबर पन्नास वर्षं झाली त्या दिवशी. आणि क्लिंटन, धाकटे बुश, ट्रम्प हे तिघंही १९४६च्या जून ते ऑगस्टमधले.

महाराष्ट्राशी कोणाचा काही संबंध?

मुंबईचं ग्रँट रोड स्टेशन युलिसिस ग्रँट यांच्या नावाचं नाही. ते नाव मुंबईचे गव्हर्नर रॉबर्ट ग्रँट यांचं. पण युलिसिस ग्रँटही मुंबईत आले होते, फेब्रुवारी १८७९मध्ये. राष्ट्राध्यक्षपद सोडल्यावर निघालेल्या जगप्रवासात ते इथे उतरले आणि पुढे उत्तर हिंदुस्थानात गेले. बिल क्लिंटन २००० साली मुंबईत आले. ओबामा नोव्हेंबर २०१०मध्ये मुद्दाम ताज हॉटेलातच उतरले, २६ नोव्हेंबर २००८च्या हल्ल्यातल्या मृतांना आदरांजली वाहिली, मणिभवन पाहिलं आणि कुलाब्याच्या शाळेत मुलांबरोबर ठेकाही धरला.

सर्वांत जवळचं नातं मात्र जिमी कार्टर यांच्या आईचं. लिलियन कार्टर परिचारिका होत्या. १९६६ साली, वयाच्या ६८व्या वर्षी, त्या पीस कोअर या अमेरिकी सरकारच्या सेवासंस्थेच्या स्वयंसेविका म्हणून मुंबईत आल्या आणि विक्रोळीच्या गोदरेज वसाहतीत जवळपास दोन वर्षं रुग्णसेवा करत राहिल्या, त्यात कुष्ठरोगीही होते. मुलगा तेव्हा जॉर्जियातला शेंगदाण्याचा व्यापारी आणि राज्याच्या राजकारणातला एक साधा सभासद होता. जानेवारी १९७७मध्ये तो राष्ट्राध्यक्ष झाला. पुढच्याच महिन्यात आपले राष्ट्रपती फखरुद्दीन अली अहमद वारले, तेव्हा अंत्यसंस्काराला अमेरिकेच्या वतीने कार्टर यांनी आपल्या आईलाच दिल्लीला पाठवलं.